समासातले ठिपके

नोटीस लागून एकोणतीस दिवस झाले होते. हरकत नोंदवायची मुदत सोमवारी संध्याकाळी पाचला संपणार होती, म्हणजे हातात हा एक रविवार उरला होता, आणि त्या रविवारी सकाळी दहा वाजता आई ताईकडे पाठ करून शेगडी पुसत होती. अर्ध्या तासात तिसऱ्यांदा. शेगडीनं तिचं काय घोडं मारलं होतं कोण जाणे.

"आई, मी तुझ्याशी बोलतेय."

"ऐकू येतंय. म्हातारी झालेय, बहिरी नाही."

"मग इकडे बघ."

"नाही बघणार. माझ्या वहीला खोटी म्हणणाऱ्या माणसाचं तोंड मला बघायचं नाही. मग ते माणूस माझ्या पोटचं का असेना."

ताईनं टेबलावर हात आपटला. टेबलावर दवाखान्याच्या दोन नोंदवह्या होत्या. एक चाळीस वर्षांपूर्वीची, लाल कापडी पाठीची, आणि दुसरी चालू वर्षाची. काल कुलूप लावताना तिनं त्या पिशवीत घालून आणल्या होत्या. सरकारी वही घरी नेणं गुन्हा आहे हे तिला ठाऊक होतं. पण दवाखानाच राहणार नसेल तर वही गेल्याची तक्रार करायला तरी कोण उरणार होतं?

दोन खोल्या, एक बाक, एक वजनकाटा, लशींचा एक फ्रीज. चौतीस वर्षं तिथं आई नर्स होती आणि नंतरची सोळा वर्षं ताई. वस्तीतले लोक आईला अजून मोठ्या सिस्टर म्हणत आणि ताईला छोट्या सिस्टर, जरी छोट्या सिस्टरचे केस कानाशी पांढरे होऊन जमाना झाला होता. त्या दवाखान्याच्या दारावरच्या नोटिशीत लिहिलं होतं की रोजचे सरासरी रुग्ण चौदा आहेत, आणि ज्या केंद्रांवर पंचवीसपेक्षा कमी रुग्ण येतात ती केंद्रं मोठ्या रुग्णालयात विलीन करण्यात येत आहेत. विलीन! जणू लग्नच लागतंय. चढावरच्या वस्तीतल्या बाईनं तापानं फणफणलेलं मूल काखेला मारून दोन बस बदलायच्या, याचं नाव विलीनीकरण.

चौदा हा आकडा वाचून ताई आधी हसली होती. चौदा माणसं तर कुलूप उघडायच्या आधीच पायरीवर बसलेली असतात. मग तिनं पलीकडच्या वॉर्डातल्या दवाखान्याचा आकडा शोधला. तिथं दिवसभर माश्या मारतात आणि आकडा एकतीस! गेल्या मंगळवारी ती रजा टाकून तिथं गेली, तिथल्या नर्सला गोड बोलून वही पाहिली. तिथं प्रत्येक माणसाला एक ओळ होती. आई आली, तिची दोन मुलं आली, सासू आली, तर चार ओळी.

"सगळीकडे तशीच लिहितात, आई. एक माणूस, एक ओळ. फक्त आपल्याकडे एक घर, एक ओळ."

"फॉर्मवर पहिला रकाना काय आहे? वाच."

"घर क्रमांक."

"मग? मी रुजू झाले तेव्हा वही हातात दिली आणि साहेब निघून गेले. शिकवलं कुणी? पहिल्या रकान्यात घर छापलंय म्हणजे ओळ घराची. पुढे कुटुंबप्रमुखाचं नाव, पुढे आजार. आणि माणसं किती, त्याचे ठिपके समासात. माणसाला एक ठिपका. संध्याकाळी ठिपके मोजायचे आणि उद्याला किती सुया उकळायच्या ते ठरवायचं. चौतीस वर्षांत माझ्या दवाखान्यात सुई कमी पडली नाही."

"मी कुठं म्हणतेय पडली म्हणून?"

"दरवर्षी तपासणी व्हायची. कुणी बोट ठेवलं नाही. उलट..." आईनं मान न वळवता हातातल्या फडक्यानं भिंतीकडे दाखवलं. भिंतीवर काचेच्या चौकटीत प्रशस्तिपत्रक होतं: स्वच्छ व बिनखाडाखोड नोंदवहीबद्दल.

ताईला त्या चौकटीकडे पाहून रडावंसं वाटलं, आणि रडू येतंय याचाच राग आला. पन्नास वर्षं तपासायला येणाऱ्या एकालाही वही वाचावीशी वाटली नाही. अक्षर पाहिलं, खाडाखोड नाही हे पाहिलं, सही ठोकली आणि गेले.

"मला एवढंच हवंय," ती शक्य तितक्या शांतपणे म्हणाली, "की तू एका कागदावर लिहून द्यावंस, वही कशी भरायची पद्धत होती ते. ओळ म्हणजे घर आणि ठिपका म्हणजे माणूस. गेल्या वर्षाचे ठिपके मी मोजलेत, आई. रोजचे बावन्न होतात. बावन्न! हरकतीला तो कागद जोडला तर त्यांना कुलूप लावता येणार नाही."

"म्हणजे मी लिहून देऊ की मला वही भरता येत नव्हती."

खिडकीपाशी स्टुलावर बसून धाकटा चहात पाव बुडवत होता. त्याची बसवरची पाळी दुपारी दोनला सुरू व्हायची, त्यामुळे खाकी शर्ट अंगात होता आणि बटणं उघडी होती. "कशाला दोघी डोकं तापवताय?" तो म्हणाला. "दादा येतोय ना अकराला. त्याच्याच खात्याचं धोरण आहे. तो एक फोन फिरवेल आणि मिटेल."

"बघ," आई पहिल्यांदा वळली. "त्याला अक्कल आहे. मोठा येऊ दे. तो काय ते बघेल. तो माझ्या वहीला नावं ठेवणार नाही."

ताईनं वह्या जवळ ओढल्या. ज्या मुलानं महिनाभर फोन उचलला नव्हता, त्याच्यावर आईचा केवढा भरवसा!

*

दादानं गाडी कोपऱ्यावर लावली, पण लगेच उतरला नाही. शेजारी वहिनी पर्स मांडीवर घेऊन बसली होती. ती शाळेत गणित शिकवायची आणि कुणी विनाकारण थांबलं की घड्याळ पाहायची. तिनं पाहिलं.

"चल की."

"हो. आत गेल्यावर ताई तोंड सोडणार आहे. तू मध्ये पडू नकोस."

"मी कशाला पडू? तुम्हा भावंडांचं तुम्ही बघा."

दादाच्या खिशात ताईच्या बढतीचा आदेश होता. मोठ्या रुग्णालयात मुख्य परिचारिका, वेगळी खोली, रात्रपाळी नाही. त्यासाठी त्यानं किती जणांच्या मिनतवाऱ्या केल्या होत्या ते त्याचं त्यालाच माहीत. त्याच्या मते हा प्रश्न सुटलेला होता. बहीण सुखात, आई तिच्या घरात, आणि फाईल बंद.

पंचवीस हा आकडा कुठून आला, हे मात्र तो कुणाला सांगणार नव्हता. तो आकडा आला तेव्हा दादा त्याच खोलीत बसला होता. मोठ्या रुग्णालयाची नवी इमारत उभी राहिली होती आणि तिच्यासाठी एकही नवं पद मंजूर झालं नव्हतं. नर्सेस आणायच्या कुठून? तर लहान दवाखाने बंद करून. हिशेब केला तेव्हा एकोणीस दवाखाने बंद करावे लागणार होते. मग वरच्या साहेबांनी विचारलं की कोणत्या आकड्याखाली एकोणीस बसतात? वीस धरले तर अकराच बसत होते, तीस धरले तर एकतीस. पंचवीस धरले तेव्हा बरोबर एकोणीस बसले. "पंचवीस घ्या," साहेब म्हणाले, "गोल आकडा आहे, कुणी विचारणार नाही." चहा यायच्या आत धोरण झालं होतं. त्याला वैज्ञानिक निकष म्हणायचं, हे दादानं मसुद्यात लिहिलं होतं. लिहिताना त्याला लाज वाटली होती. पण लाज वाटली म्हणून हात थांबत नाही, हे त्याला नोकरीनं केव्हाच शिकवलं होतं.

स्वयंपाकघरात शिरताच त्यानं आधी आईच्या पायाशी वाकायचं सोडून टेबलावरच्या वह्यांकडे पाहिलं, आणि त्याचा चेहरा उतरला.

"या वह्या इथं कशा?"

"चालत आल्या," ताई म्हणाली.

"तायडे, थट्टा नको. हे रेकॉर्ड आहे."

"म्हणूनच आणलंय. बस. धाकट्या, त्याला खुर्ची दे, साहेब उभे राहिलेत."

दादा बसला. आईनं त्याच्यापुढे कप ठेवला, वहिनीपुढे ठेवला, आणि त्याच्या खुर्चीच्या पाठीवर हात टेकवून उभी राहिली. त्या हातानं तिनं आपली बाजू सांगून टाकली होती. दादानं खिशातला लिफाफा काढून ताईपुढे सरकवला.

तिनं वाचला. परत घडी घातली.

"आणि वस्तीचं काय?"

"वस्तीला मोठं रुग्णालय आहे. तिथं सगळी यंत्रं आहेत, डॉक्टर आहेत..."

"जायचं कसं?"

"बस आहे."

"कुठली बस?" धाकट्यानं पाव खाली ठेवला. "दादा, चढावरची बस गेल्या वर्षीच काढली. माझीच होती. प्रवासी मोजायला माणूस पाठवला तो सकाळी अकरा वाजता. कामाला जाणारी सगळी सातलाच गेलेली. अकराला गाडीत मी, कंडक्टर आणि एक म्हातारा. तीन लिहून घेतले आणि त्यातही मला धरलं. आता खालच्या चौकापर्यंत चालत जायचं, तिथून एक, मग दुसरी. तुला माहीत नव्हतं?"

"ते वाहतूक खातं आहे. माझं नाही."

"हो, खाती वेगवेगळी आहेत. पाय एकच आहेत लोकांचे."

"तू मध्ये बोलू नकोस."

"का नको? मघाशी मी तुझीच बाजू घेत होतो, गाढवासारखा!"

दादानं आवाज खाली आणला. कार्यालयात भांडायला आलेल्या लोकांना थंड करायला तो असाच आवाज काढायचा. "हे बघा. हरकत नोंदवलीत तर काय होईल ते नीट ऐका. ताई लिहिणार की आकडा चुकीचा आहे. ते विचारणार, का चुकीचा? तर वही चुकीची भरली म्हणून. कुणी भरली? आईनं आणि ताईनं. पन्नास वर्षं. मग चौकशी. ताई निलंबित. आईला या वयात समितीपुढे उभं करून विचारतील की बाई, तुम्हाला साधा फॉर्म कळत नव्हता का? ते प्रशस्तिपत्रक काढून घेतील. पेपरात येईल. हे हवंय?"

आईनं खुर्चीची पाठ घट्ट धरली.

"नको," ती म्हणाली. "ताई, फाड तो हरकतीचा कागद. मोठा बरोबर बोलतोय."

"आई!"

"सांगितलं ना, फाड."

वहिनीनंही मान हलवली. "ताई, खरंच. आईंना या वयात कशाला ओढताय? तुम्हाला चांगली जागा मिळतेय."

एकटी पडलेली ताई तिघांकडे पाहत राहिली. मग तिनं दादाला विचारलं, अगदी हळू, "एक सांग. मी तुला अजून सांगितलंच नाही की ओळ म्हणजे घर. फक्त आकडा चुकीचा आहे एवढंच मी फोनवर निरोपात म्हटलं होतं. वही चुकीची भरली हे तुला कसं कळलं?"

दादानं कप उचलला. तो रिकामा होता.

*

वहिनीनं आतापर्यंत वह्यांकडे नीट पाहिलं नव्हतं. सासरच्या भांडणात वस्तूंकडे पाहायचं नाही, कपाकडे पाहायचं, हे तिचं जुनं धोरण. पण दादानं तो रिकामा कपच तोंडाला लावला, तेव्हा तिनं हात लांब करून लाल पाठीची वही ओढली आणि उघडली.

निळ्या शाईतल्या ओळी होत्या. मोठं, गोल, काळजीपूर्वक काढलेलं अक्षर, आणि एका आडव्या रेघेवर सगळी अक्षरं टांगलेली. हे अक्षर तिला ओळखीचं होतं. पंचवीस वर्षं किराण्याच्या याद्यांवर, मुलांच्या वह्यांच्या कव्हरांवर ती ते पाहत आली होती.

"हे तुझं अक्षर आहे."

"तो दहा वर्षांचा होता," आई म्हणाली, आणि एवढ्या रागातही तिच्या आवाजात कौतुक आलंच. "शाळा सुटली की दवाखान्यात येऊन बसायचा. मी इंजेक्शनं द्यायची, हा वही लिहायचा. मी आतून ओरडायची, किती जण? की हा बाकाकडे बघून मोजायचा आणि सांगायचा, आणि तेवढे ठिपके काढायचा. कधी चुकला नाही."

वहिनीचं बोट समासात गेलं. पेन्सिलीचे ठिपके होते. एका ओळीसमोर चार, एका समोर दोन, एका समोर सात. ती पान उलटत गेली. प्रत्येक पानावर ठिपके. आणि तिचं बोट थांबलं, कारण ठिपके हा शब्द तिनं आधी कुठंतरी वाचला होता आणि कुठं ते तिला आठवलं.

"सातवी सूचना," ती म्हणाली.

"काय?" ताईनं विचारलं.

"आठ वर्षांपूर्वी. जुन्या वह्या संगणकावर घ्यायच्या होत्या तेव्हा टायपिस्टांसाठी याने सूचना लिहिल्या. तुझे मसुदे मीच तपासते ना रे, भाषा नीट आहे का म्हणून. सातवी सूचना होती: समासातील ठिपके, खुणा अथवा पेन्सिलीच्या नोंदी विचारात घेऊ नयेत. मी तुला विचारलं होतं, समासात ठिपके कोण काढतं? तू काय म्हणालास आठवतं?"

दादानं वही मिटायला हात पुढे केला.

"म्हणालास, असतात काही लोकांना सवयी. आणि मी तिथं स्वल्पविराम घातला. मी! नीट दिसावं म्हणून!"

"तू मध्ये पडणार नव्हतीस," दादा दातांत म्हणाला.

"तू मला आठ वर्षांपूर्वीच मध्ये पाडलंस!" वहिनीचा आवाज चढला. या घरात तो यापूर्वी कधी चढला नव्हता, त्यामुळे धाकटा स्टुलावरून अर्धा उठला. "मी मुलांना काय शिकवते माहीत आहे? आधी मोजा, मग उत्तर लिहा. आणि माझ्या घरात, माझ्या जेवणाच्या टेबलावर, माणूस बसून ठरवतो की काय मोजायचं नाही!"

"ऐकून तर घे! शंभर दवाखान्यांच्या वह्या होत्या. कुणाच्या समासात फुलं, कुणाच्या समासात दुधाचा हिशेब. एकाच वहीतले ठिपके मी धरायला सांगितले असते तर पहिला प्रश्न काय आला असता? साहेब, तुम्हाला कसं माहीत? मी काय सांगणार होतो, आई तिथं नर्स होती? मी घरच्यांना झुकतं माप दिलं असं म्हणाले असते. मी आयुष्यात कुणाकडून साधं पेनसुद्धा घेतलेलं नाही."

"झुकतं माप कोण मागतंय?" ताई उठली. तिचे ओठ पांढरे पडले होते. "तुला आठ वर्षांपूर्वी कळलं की बाकी सगळे माणसागणिक ओळ लिहितात. आठ वर्षं! एक फोन, दादा. तायडे, उद्यापासून माणसाला एक ओळ लिही, एवढं एक वाक्य. मी दुसऱ्या दिवसापासून लिहिलं असतं. आज आकडा बावन्न असता. कुणाला कळलंही नसतं. तू ते एक वाक्य का नाही बोललास?"

या प्रश्नाला दादाकडे उत्तर होतं. पण ते असं होतं की आपली आई चौतीस वर्षं फॉर्म चुकीचा भरत होती हे त्याला कार्यालयात बसून कळलं, तेव्हा त्याला तिची लाज वाटली. ते तो म्हणाला नाही. पण आई त्याच्या चेहऱ्याकडे पाहत होती, आणि तो लहान असल्यापासून तिनं तो चेहरा वाचला होता.

तिनं खुर्चीच्या पाठीवरचा हात काढून घेतला.

*

आई भिंतीपाशी गेली, प्रशस्तिपत्रकाची चौकट खिळ्यावरून उतरवली आणि ओट्यावर पालथी ठेवली. भिंतीवर चौकटीच्या आकाराचा स्वच्छ चौकोन उरला.

तिला राग आला होता. स्वतःचाही आला होता, तो आधी. पन्नास वर्षांपूर्वी तिनं कुणाला तरी विचारायला हवं होतं, पण आपल्याला येत नाही हे विचारायची तिला लाज वाटली होती. म्हणजे लाजेचं ते बी तिचंच. पण त्या लाजेपायी तिनं कुणाला दारातून परत पाठवलं नव्हतं. घर क्रमांक नसलेली माणसं यायची, ज्यांना फॉर्मवर जागाच नव्हती, त्यांनासुद्धा ती शेजारच्या घराच्या ओळीत घ्यायची आणि त्यांचा ठिपका काढायची. ओळ नसली तरी ठिपका होता. आणि तिच्याच शेजारी बसून मोजायला शिकलेल्या मुलानं कागदावर लिहून दिलं की ठिपके धरू नका. हे तिच्या मनातून जाणार नव्हतं, मरेपर्यंत.

"ताई," ती म्हणाली, "फुलस्केप कागद आण."

"आई, तुम्ही बसा आधी," वहिनी म्हणाली.

"मी ठीक आहे. पेन दे कुणीतरी. पेन्सिल पण."

तिनं कागदाची डावी बाजू दुमडून समास पाडला, नखानं घडी ओढली, आणि लिहायला बसली. दादा उभा राहिला.

"आई, लिहू नकोस. तू काय करतेयस ते तुला कळत नाही. ताईची नोकरी जाईल."

"जाऊ दे," ताई म्हणाली. "बावन्न माणसांचा दवाखाना चौदा म्हणून बंद होण्यापेक्षा माझी नोकरी गेलेली परवडली."

"आणि माझं काय? सातवी सूचना बाहेर आली तर माझं काय होईल, याचा कुणी विचार केलाय?"

"आम्ही तुझाच विचार करत बसलो होतो महिनाभर," धाकटा म्हणाला. त्याला आता अजिबात हसू येत नव्हतं. "तू फोन उचलशील म्हणून."

आई लिहीत होती. अक्षर सरळ होतं, थोडं मोठं. लिहून झाल्यावर तिनं वाचून दाखवलं, आणि वाचताना तिचा आवाज कुठं अडखळला नाही.

"मी या दवाखान्यात चौतीस वर्षं नर्स होते. नोंदवहीची प्रत्येक ओळ मी एका घराची समजून लिहिली. तशी ती नव्हती. ही चूक माझी आहे, माझ्या मुलीनं ती माझ्याकडून शिकली. समासातला प्रत्येक ठिपका म्हणजे एक माणूस. ते मोजलेले आहेत, एकही अंदाजानं नाही. तुम्ही पन्नास वर्षं वही तपासलीत. एकदा वाचली असतीत तर हे मला आज लिहावं लागलं नसतं."

"शेवटचं वाक्य काढ," दादा म्हणाला.

"तेच ठेव," वहिनी म्हणाली. "स्वल्पविरामसुद्धा बदलायचा नाही."

आईनं सही केली. मग पेन बाजूला ठेवून पेन्सिल घेतली.

"उद्या धाकटा हा कागद नेऊन देईल," ती म्हणाली. "समितीनं बोलावलं तर तिथं उभं राहून हे खरं आहे असं सांगावं लागेल. सही माझी एकटीची आहे. घर एक, ओळ एक. पण सांगणारी माणसं किती ते मला लिहायचंय."

दादानं गाडीची किल्ली उचलली होती. "चल," तो वहिनीला म्हणाला.

वहिनी उठली नाही. तिनं पर्स मांडीवरून काढून टेबलाखाली ठेवली.

तो दारापर्यंत गेला. चपलेत एक पाय घातला. तेव्हा मागून आईनं विचारलं, मान वर न करता, आतल्या खोलीतून इंजेक्शन भरता भरता विचारायची अगदी त्याच आवाजात:

"किती जण?"

तो थांबला. टेबलाकडे पाहिल्याशिवाय त्याला राहवलं नाही. दहा वर्षांचा असल्यापासून त्याला ती सवय होती. आई बसलेली. ताई तिच्या खांद्याशी उभी. खिडकीपाशी धाकटा, शर्टाची बटणं लावत. खुर्चीवर त्याची बायको, त्याच्याकडे बघत. सगळे थांबले होते. त्यानं एक जास्त मोजला असता तर तो आत येऊ शकला असता, आणि त्या खोलीतल्या प्रत्येकाला ते माहीत होतं.

त्यानं दुसरा पाय चपलेत घातला.

"चार," तो म्हणाला आणि जिना उतरून गेला.

आई थोडा वेळ कागदाकडे पाहत बसली. ताईला वाटलं, आता ही रडणार. वहिनीला वाटलं, पाचवा काढेल, आईच ती. तिनं पेन्सिलीला टोक आहे का ते बोटानं पाहिलं आणि समासात चार ठिपके काढले. खोटा ठिपका तिनं आयुष्यात कधी काढला नव्हता.